मायांच्या डोहाची सहल

चाचांना मी ऑफिसात बसलेलं कधी पाहिलं नाही. काउंटरमागे त्यांच्यासाठी चांगली फिरती खुर्ची होती, पण तिच्यावर ते ब्रोशरचे गठ्ठे रचून ठेवायचे. बसलेल्या माणसानं प्रवास विकू नये, असं त्यांचं म्हणणं होतं. सकाळी नऊपासून संध्याकाळी सातपर्यंत उभे. दुपारचं जेवणही उभ्यानंच व्हायचं. एका हातात डब्याचं झाकण, त्यात भात आणि तळलेला मासा, आणि डोळे समोरच्या भिंतीवर लावलेल्या जगाच्या नकाशाकडे.

आमची ट्रॅव्हल एजन्सी दुबईत करामाला होती. मुलगी पूर्ण वेळ शाळेत जायला लागली तेव्हा मी तिथं तिकिटांच्या कामाला लागले. एजन्सीचा खरा धंदा मुंबई, कोची, कराची एवढाच. पण त्या वर्षांत दुबईत सगळ्यांच्या अंगात आलं होतं, तसं आमच्या मालकांच्याही आलं. त्यांनी कोपऱ्यात 'ड्रीम हॉलिडे' नावाचा काउंटर काढला आणि त्यावर चाचांना उभं केलं. कारण एवढंच की ते सगळ्यात जुने होते आणि तिकिटांच्या कॉम्प्युटरशी त्यांचं कधी जमलं नव्हतं.

चाचा मूळचे दापोलीकडचे. गल्फमध्ये बावीस वर्षं. बायको गावी, दोन मुलींची लग्नं झालेली. पिवळट पांढरी दाढी, इस्त्रीचा शर्ट, पायात मात्र कायम रबरी चपला. एवढ्या वर्षांत त्यांनी प्रवास केला तो मुंबई ते दुबई आणि दुबई ते मुंबई. ही गोष्ट ते आमच्यापासून लपवत नसत. गिऱ्हाइकांपासून लपवत.

त्यांची विकायची तऱ्हाच निराळी होती. एकदा एक नवं लग्न झालेलं जोडपं स्वित्झर्लंडचं विचारायला आलं. चाचांनी त्यांना विचारलं, तुमी भांडता ते थंडीत भांडता की उन्हात? दोघं एकमेकांकडे बघायला लागली. मग मुलगी हळूच म्हणाली, एसी फार वाढवला की. चाचांनी त्यांना श्रीलंकेला पाठवलं. दुसऱ्या एका गृहस्थांना तीन दिवसांत इजिप्त उरकायचं होतं, त्यांना चाचा शांतपणे म्हणाले की तीन दिवसांत तुमी फक्त फोटो काढाल, तर फोटोच विकत घ्या, विमान कशाला. मालक आतल्या काचेमागून हे ऐकत असायचे. चाचांना बोलवून झापायचे. चाचा "खलास, खलास" म्हणजे झालं, संपलं, असं म्हणत ऐकून घ्यायचे आणि बाहेर येऊन पुन्हा तसंच वागायचे.

कुणी सहलीहून परत आलं की चाचा त्यांना फोटो दाखवू देत नसत. हॉटेल कसं होतं, जेवण कसं होतं, तेही विचारत नसत. पाणी कसं होतं, एवढंच विचारायचे. समुद्र असो, नदी असो, तळं असो. गार होतं का? पाय टेकत होते का? चव? लोक आधी हसायचे, मग आठवायला लागायचे, आणि आठवता आठवता त्यांचा आवाज खाली यायचा.

पण चाचांची सगळ्यात लाडकी सहल होती ती मेक्सिकोची. खरं तर दहा दिवसांचा दौरा होता तो. चाचा मात्र त्यातल्या एकाच दिवसाबद्दल बोलायचे. सकाळी माया लोकांची जंगलातली पडकी देवळं बघायची आणि दुपारी तिथल्या डोहांमध्ये उतरायचं. तिथली जमीन चुनखडीची, ती मधूनच खचते आणि खाली स्वच्छ पाण्याचा खोल डोह उघडा पडतो, असं त्यांनी ब्रोशरमध्ये वाचलं होतं. पण ते सांगायला लागले की ब्रोशर कुठल्या कुठे राहायचं. "सकाळी लवकर पोचा. दगड अजून रात्रीचे गार असतात. हात ठेवा, घाई करू नका. कुणी तरी हे रचलं, आणि ज्यानं रचलं त्याला वाटलं असणार, हे कायम राहील. मग पाण्याकडे चला. पाय घातलात की घोट्याला थंडी चावते. गुडघ्यापर्यंत आलं की चावणं थांबतं. मानेपर्यंत आलात की तुमचं वजन कुणी तरी उचलून घेतं."

हे सांगताना त्यांचा आवाज इतका सावकाश व्हायचा की तिकिटांच्या रांगेतली माणसंही वळून ऐकायची. आणि नवल म्हणजे, जी दोन-तीन कुटुंबं खरोखर तिकडे जाऊन आली, ती परत येऊन म्हणाली, चाचा, अगदी तुम्ही सांगितलं होतं तस्संच.

त्या डिसेंबरसाठी अकरा जणांचा ग्रूप जमला होता. त्यात आम्ही तिघंही होतो. मी, नवरा आणि नऊ वर्षांची मुलगी. पुण्याला सासूबाईंना फोनवर सांगितलं की माया लोकांचे अवशेष बघायला चाललोय, तर त्या म्हणाल्या, मायेचे अवशेष बघायला इतक्या लांब कशाला जायचं? माया लोकांच्या कॅलेंडरप्रमाणे दोन हजार बाराला जग संपणार अशी तेव्हा बरीच हवा होती. आमच्याकडे बाराची वाट बघावी लागली नाही. दोन हजार आठच्या ऑक्टोबरातच मंदी आली आणि बांधकामांवरच्या क्रेन थांबायला लागल्या.

माझा नवरा एका बांधकाम कंपनीत प्लॅनिंग इंजिनियर होता. त्याचा प्रोजेक्ट थांबला आणि एका गुरुवारी संध्याकाळी तो पत्र घेऊन घरी आला. त्यानंतर तो बोलायचा थांबला. रागावला नव्हता, रडला नव्हता. मीठ दे, दार लाव, एवढंच बोलायचा. दिवसभर हॉलमध्ये पडदे ओढून पडून राहायचा. नोटिशीची मुदत डिसेंबरअखेर संपत होती, आणि व्हिसा रद्द झाल्यावर महिन्याभरात देश सोडायचा, हा नियम. माझा आणि मुलीचा व्हिसा त्याच्याच व्हिसावर. आमच्या मालकांनी मला कंपनीच्या व्हिसावर घ्यायची तयारी दाखवली होती, कारण तिकिटांचं काम उलट वाढलं होतं. सगळेच परत निघाले होते, आणि सगळ्यांना एकेरी तिकिटं हवी होती. म्हणजे मी थांबायचं, शेअरिंगच्या खोलीत राहायचं, आणि त्यानं मुलीला घेऊन पुण्याला जायचं. किंवा मग सगळ्यांनीच निघायचं. ठरवायला हवं होतं. मी विषय काढला की तो कुशीवर वळायचा.

चाचांच्या काउंटरवर आता फक्त सहली रद्द करायला माणसं यायची. अकरातले एकेक जण आले आणि गेले. चाचा प्रत्येकाला उभ्यानंच पाणी द्यायचे. भिंतीवरच्या पांढऱ्या बोर्डावर मात्र सहलीची तारीख त्यांनी पुसली नाही. डिसेंबरातल्या एका बुधवारी ते माझ्या टेबलाशी आले.

"बाय, शुक्रवारी सकाळी सव्वासातला. टॉवेल आणा. कार्यक्रमात लिहिलंय."

मी म्हटलं, चाचा, सहल कधीच रद्द झालीय.

"विमान रद्द झालंय," ते म्हणाले. "सहल नाय झाली."

नवरा येईल असं मला वाटलं नव्हतं. पण नाही म्हणायला बोलावं लागलं असतं, म्हणून असेल, तो आला. शारजात आमच्या बिल्डिंगखाली चाचा ऑफिसची व्हॅन घेऊन उभे होते. छातीला एक कागद पिन केलेला, त्यावर इंग्रजीत 'गाईड' लिहिलेलं. आत नाशिकचे एक इंजिनियर बसले होते. नोकरी गेल्यावर त्यांनी बायको-मुलांना आधीच घरी पाठवलं होतं. अकरांपैकी तेवढे एकच दुबईत उरले होते, आणि आम्ही. चाचांनी कार्यक्रमाच्या कागदावरून आमची हजेरी घेतली. जे नव्हते त्यांचीही नावं वाचली, प्रत्येकासाठी क्षणभर थांबले, आणि मग म्हणाले, "यल्ला." म्हणजे चला.

उत्तरेला रास अल खैमापर्यंतचा रस्ता मला धुक्यातून आठवतो, आणि खरंच धुकं होतं. वाळूवर पांढरा उजेड पसरला होता, त्यात उंट मध्येच दिसायचे आणि मध्येच विरघळून जायचे. सिमेंटच्या कारखान्यांची धुराडी आली आणि मागे पडली. पेट्रोल पंपाशेजारच्या कॅफेटेरियात करक चहा, दाट दुधाचा आणि कडक, घेतला.  

डोंगराच्या पायथ्याशी, खजुरीच्या बागा ओलांडून त्यांनी व्हॅन थांबवली. समोर मोकळ्या जागेत दगडांची मोठी वर्तुळं होती, बरीचशी ढासळलेली. आतून लहान लहान भिंतींनी कप्पे पाडलेले. चाचा म्हणाले, ह्या कबरी आहेत. हजारो वर्षांपूर्वीच्या, एकेका कबरीत कित्येक माणसं. पाटी नाही, तिकीट नाही, चार शेळ्या तेवढ्या चरत होत्या.

मुलीनं शाळेत प्रोजेक्टसाठी मायांची चित्रं चिकटवली होती. ती म्हणाली, "अंकल, धिस इज नॉट मायन."

चाचा तिच्यासमोर उकिडवे बसले, तिच्या उंचीला आले. "नाय, बेटा. मायांचं मी काय पण बघितलेलं नाय. हे बघितलंय. तेरा वर्षं, महिन्यातून दोन शुक्रवार."

मग त्यांनी तिचा हात धरून एका दगडावर ठेवला. दगड गार होता. तिच्या चेहऱ्यावर ते दिसलं. मीही हात ठेवला, आणि तेव्हा माझ्या ध्यानात आलं. जंगलातल्या देवळांच्या म्हणून चाचा ज्या गोष्टी काउंटरवर सांगत आले होते, त्या सगळ्या इथल्या होत्या. रात्रीचा गारवा धरून ठेवणारा दगड, ज्यानं रचलं त्याला वाटलेलं कायमपण. गिऱ्हाइकं मेक्सिकोला जाऊन येत होती आणि चाचांनी ह्या शेळ्यांमधून जे आणलं होतं ते तिथं त्यांना सापडत होतं.

आम्ही त्या वर्तुळांमधून बराच वेळ फिरलो. नाशिकचे इंजिनियर एका ढासळलेल्या भिंतीपाशी वाकून दगडांचे सांधे बघत राहिले. तासून किती नेमके बसवलेत, असं काहीसं ते स्वतःशीच म्हणाले. नवरा त्यांच्याशेजारी जाऊन उभा राहिला. दोन बेकार इंजिनियर चार हजार वर्षांपूर्वीचं बांधकाम तपासत होते, आणि दोघांनाही त्यात काही चूक सापडत नव्हती.

पाण्यापर्यंत अर्धा तास चालावं लागलं. वाडी, म्हणजे डोंगरातून येणारा कोरडा ओढा. आठवड्यापूर्वी दोन दिवस पाऊस झाला होता, तेवढ्यावर तो कुठे कुठे ओला होता. वळणामागून वळण आलं, दोन्हीकडचे कडे जवळ आले, आणि मग खडकांच्या मधोमध तो डोह दिसला. फार मोठा नव्हता. हिरवट, तळाशी गोटे दिसत होते, पण मध्यभागी तळ दिसत नव्हता. वरच्या फटीतून उजेडाची एक पट्टी पाण्यावर पडली होती आणि तिची थरथर कड्यांवर चढत होती. कुठून तरी थेंब पडल्याचा आवाज येत होता. इतक्या वर्षांत ह्या देशात मी अशी शांतता ऐकली नव्हती.

चाचा शर्टासकट पाण्यात उतरले. पाण्यात ते वेगळेच कुणीतरी दिसत होते, म्हातारे नव्हतेच जणू. मुलीला त्यांनी उताणं झोपवलं, डोक्याखाली हात दिला आणि म्हणाले, पोहू नको, काही करू नको, पडून राहा. थोड्या वेळानं हात काढून घेतला तरी ती तरंगतच राहिली, डोळे मिटून. मग मी. कान पाण्याखाली गेले आणि जग बंद झालं. स्वतःचा श्वास तेवढा ऐकू येत होता, लांबून कुणाचा तरी असावा तसा.

नवरा काठावरच्या खडकावर बसून होता, पँट गुडघ्यापर्यंत दुमडून. पोहता येत नाही, एवढंच म्हणाला. चाचांनी आग्रह केला नाही. मला म्हणाले, तुमी धरा त्याचं डोकं. मी नको.

तो आला. का आला ते मी त्याला कधी विचारलं नाही. कमरेपर्यंत पाण्यात येऊन तो थांबला, मी त्याच्या मानेखाली हात घातला, आणि तो मागे रेलला. आधी सगळं अंग लाकडासारखं. मग हळूहळू पाय वर आले. त्याचं डोकं माझ्या दोन तळव्यांत होतं, कान पाण्याखाली, डोळे वरच्या फटीकडे. असा किती वेळ गेला मला सांगता येणार नाही.

मग तो बोलला. कान बुडालेल्या माणसाला आपला आवाज कळत नाही, म्हणून तो मोठ्यानं बोलला, आणि कड्यांमध्ये ते घुमलं.

"तू थांब इथं. मी तिला घेऊन जातो. मला लाज वाटत होती. बायको कमावणार आणि हा घरी बसणार, आईला काय सांगू, तेच घोळत होतं डोक्यात. पण तू थांब."

मी हो म्हटलं. त्याला ऐकू गेलं नाही. मी त्याच्या कपाळावर हात ठेवला, तेव्हा त्यानं डोळे मिटले. त्याच्या डोळ्यांच्या कडांनी पाणी वाहत होतं आणि ते डोहाच्याच पाण्यात जात होतं. मुलगी काठाशी गोटे गोळा करत होती, ती वर बघत राहिली. नाशिकच्या इंजिनियरांनी तोंड फिरवलं. चाचा आमच्याकडे पाठ करून आपला ओला शर्ट पिळत होते, बराच वेळ पिळत होते.

परत निघायची वेळ झाल्यावर त्यांनी छातीवरचा भिजलेला कागद काढला, त्याची घडी करून खिशात घातली. वाटेत नवरा आणि ते पुढच्या सीटवर बसून माशांबद्दल बोलत होते. पापलेट आणि सरंगा एकच की वेगळे, ह्यावर. मी मागे बसून ऐकत होते. सव्वा महिन्यानंतर त्याचा आवाज सलग ऐकत होते.

जानेवारीत तो आणि मुलगी पुण्याला गेले. त्याच महिन्यात 'ड्रीम हॉलिडे'चा काउंटर बंद झाला आणि चाचांचा व्हिसाही रद्द झाला. निरोपसमारंभ वगैरे काही नाही. एका सकाळी आले नाहीत, एवढंच. मी दोन वर्षं थांबले, चार बायकांच्या खोलीत. त्या दोन वर्षांत नवऱ्यानं पुण्यात आधी घर सांभाळलं, मग एका कॉलेजात शिकवायला लागला. सासूबाईंनी त्याला काय म्हणायचं ते म्हटलं असेल, त्यानं मला कधी सांगितलं नाही. मी परतले तेव्हा त्याला पोळ्या गोल येत होत्या.

परतल्यानंतरच्या पहिल्या थंडीत आम्ही तिघं चाचांना भेटायला दापोलीकडे गेलो. घर कौलारू, पुढं अंगण, माडाची चार झाडं. चाचा बरेच वाळले होते. आमच्याकडे बघून हसले, मुलीच्या डोक्यावर हात ठेवला, आणि नवऱ्याबरोबर अंगणातल्या बाकावर बसून राहिले. काउंटरवर तासन् तास बोलणारा माणूस घरात हो-नाहीच्या पलीकडे जात नव्हता.

मी आत त्यांच्या बायकोजवळ बसले. ठेंगणी, डोक्यावर पदर, हात सतत चालू. ती नारळ खवत होती. मी बोलता बोलता तिला डोहाचं सांगितलं, कबरींचं सांगितलं. तिचा हात हळू झाला आणि मग थांबला.

"हे मला ठाऊक नाय," ती म्हणाली. "सुट्टीला आले की इचारायची, कसं हाय तिथं? तर म्हणायचे, नुसती वाळू."

 तिनं खोबऱ्याची वाटी बाजूला ठेवली आणि दाराकडे तोंड करून, आवाज न चढवता म्हणाली, "मला नेलं असतंत तर मी काय पाणी संपवलं असतं?"

अंगणातून थोड्या वेळानं उत्तर आलं. "विसा नव्हता."

"विसा नव्हता ते मला ठाऊक. सांगायला काय विसा लागतो?"

 माडाच्या झावळ्यांचा आवाज येत होता. चाचा बाकावरून उठले नाहीत, मान मात्र खाली गेली. त्यांना काय म्हणायचं असेल ह्याचा मी नंतर पुष्कळ विचार केला. परक्यांना सगळं देऊन टाकणारा माणूस घरी रिकामा का येत होता? कदाचित नेता येत नाही त्या ठिकाणाचं वर्णन बायकोपुढं करणं त्यांना पाप वाटत असेल. कदाचित ते साधं विसरत असतील. मी विचारलं नाही.

तिनं हात धुतले, पदराला पुसले आणि बाहेर येऊन माझ्या नवऱ्याला विचारलं की गाडीत जागा आहे का. उन्हवऱ्याला गरम पाण्याची कुंडं आहेत, गुडघ्यांना बरी म्हणतात, तीस वर्षं जायचं म्हणतेय. तिनं घर बंद केलं, बुरखा चढवला, आणि कुणी काही म्हणायच्या आत पुढच्या सीटवर जाऊन बसली. चाचा मागे, खिडकीपाशी, मुलीच्या शेजारी, आणि दुसऱ्या खिडकीपाशी मी.

रस्ता वळणावळणाचा होता आणि ती बोलत होती. ही पूर्वी नुसती पायवाट होती, इथं माझ्या बहिणीच्या लग्नाच्या डोलीला खांदा बदलला. ह्या विहिरीला उन्हाळ्यात पाणी राहतं, त्या विहिरीला नाय. इथं मी धाकटीला घेऊन दोन मैल चालत डॉक्टरकडे आले, ताप उतरेना म्हणून. एकेक वळण तिला पाठ होतं.  मी मुलीच्या पलीकडे बघितलं तर चाचा खिडकीला नाक लावून बघत होते, कुठल्या परमुलखात पहिल्यांदा आल्यासारखे.

एका चढावर, आंब्याच्या झाडामागे, निळ्या दाराचं बंद घर दिसलं.

"हे कुणाचं?" चाचांनी विचारलं.

ती मागे वळली नाही. "तुमच्यासंगं शाळेत होता त्याचं. वारला तो. फोनवर सांगितलं होतं तुमाला."

"कधी?"

"सांगते," ती म्हणाली, आणि माझ्या नवऱ्याला तिनं गाडी जरा हळू घ्यायला सांगितलं.